काकूंनी दिलेले कोंब

तोचिदाइरा
१४ एप्रिल २०१८

मिओ पोरी,

शेजारच्या दोरीवर आज लहान मुलीचे मोजे वाळत होते. परसात उभी राहून मी ते बघत राहिले आणि घरात चुलीवर सोयाबीन करपलं. करपू दे.

तुझी मैत्रीण दारात आली, मला बघून वाकली. मग मी वाकले. मग ती पुन्हा वाकली, म्हणून मीही पुन्हा. शेवटी शुनपेई आतून ओरडला, "आता पुरे करा, नाहीतर इथंच संध्याकाळ होईल!" अगदी आजोबांवर गेलाय तो. त्याच्या आजोबांनाही नमस्कार-चमत्कारांचा असाच कंटाळा होता.

मुलगी चार वर्षांची, नागी नाव. माझ्याकडे बघून म्हणाली, "तुझे दात खरे आहेत?" तिची आई लाजून लाल झाली. मी म्हटलं, वरचे नाहीत, खालचे आहेत. तेव्हापासून आमची दोस्ती आहे.

मिओ, हे तुझ्यामुळे झालं. कॉलेजात तू काहोबरोबर एका खोलीत राहिलीस, आपल्या शुनपेईशी तिची गाठ घालून दिलीस आणि आज त्याच्या आजोबांचं घर उघडलं. अणुभट्टी फुटल्यावर आम्हाला इथून उठवलं, तेव्हा त्या घराला लावलेलं कुलूप सात वर्षं तसंच होतं. मी परत आले तेव्हा तुझा बाप म्हणाला, "ताई, तिथं जाऊन बोलणार कुणाशी, रानडुकरांशी?" वर्षभर खरोखर त्यांच्याशीच बोलले, आणि तेही नीट उत्तर देत नाहीत. आता त्याला सांग, ताईला शेजार मिळाला.

कालच पालक दिला त्यांना. आधी गावच्या हॉलमध्ये किरणोत्सर्गासाठी मोजून घेतला होता, काही निघालं नाही. परसातली जुनी माती खरवडून नेली, ही नवी पिवळी माती कसली कोरडी आहे, पण पालक बिचारा आलाय.

मे महिन्यात मागच्या डोंगरात कोशिआबुराच्या झाडांना भाजीचे कोंब फुटतील. तुझ्या आजोबांची ती गुपित जागा. शेजारी मूल असताना एकटीने खायची ती गोष्ट नव्हे.

तुझी,
तोवाआत्या

●

तोचिदाइरा
१५ मे २०१८

मिओ,

हे फोनवर बोलता येणार नाही. या घराच्या भिंती कागदाच्या आहेत आणि तुझ्या आत्याचे कान फार तिखट आहेत. म्हणून लिहिते.

त्या आमच्यासाठी डोंगरातून कोशिआबुराचे कोंब घेऊन आल्या. भांड्यात भरून फडक्यात बांधलेले, देठाला दव तसंच. मला म्हणाल्या, "हे कुणालाही देत नाही बरं का. माझ्या भावालासुद्धा जागा माहीत नाही." मी दोन्ही हातांनी घेतले आणि म्हणाले, "अय्या, किती छान!" तोंडातून आपोआप तेच आलं, मिओ. दुसरं काय म्हणणार होते?

घराभोवतीची जागा आणि रानाची फक्त कड साफ केली आहे, त्यापलीकडचा डोंगर तसाच आहे, हे इथं सगळ्यांना माहीत आहे. मी त्यातली एक मूठ हॉलमध्ये मोजायला नेली. तिथल्या मुलाने आकडा माझ्यापुढे सरकवला. खाण्याच्या मर्यादेच्या कितीतरी पट. "कुठून तोडले?" त्याने विचारलं. मी म्हटलं, माहीत नाही, कुणीतरी दिले.

शुनपेईला आकडा सांगितला नाही. तो म्हणतो, "काकूंना दुखवायचं नाही. आपण सगळे बाहेर होतो तेव्हा आजी-आजोबांचं थडगं धुवायला दर सणाला त्या बसने येत होत्या." मलाही त्यांना दुखवायचं नाही. त्या चालत येताना दिसल्या की नागी अनवाणी धावत सुटते.

त्या तुझ्या आत्या आहेत. तूच सांग, मी काय करू?

काहो

●

यामागाता
२० मे २०१८

काहो,

पत्र वाचून दोन दिवस विचार केला. तू मोजून घेतलंस हे फार बरं केलंस. ते खाऊ नकोस आणि नागीला अजिबात देऊ नकोस.

पण आत्याला सध्या काही बोलू नकोस, ही माझी विनंती आहे. ती सहा वर्षं तात्पुरत्या वसाहतीतल्या एका खोलीत राहिली. यजमान तिथंच वारले. गाव उघडलं त्याच आठवड्यात ती एकटी परत गेली. शेजारी कुणी यावं म्हणून तिने काय वाट पाहिली आहे ते मी बघितलंय. पहिल्याच महिन्यात तिला "तुमच्या हातचं नको" असं ऐकावं लागलं, तर ती पुन्हा तुमच्या दारात पाऊल ठेवणार नाही. रागाने नव्हे, लाजेने.

देईल ते घे, छान होतं म्हण आणि मागच्या बाजूला पुरून टाक. कोशिआबुराचा हंगाम जेमतेम दोन-तीन आठवड्यांचा असतो. ऑगस्टमध्ये ओबोनला पितरांच्या पूजेसाठी मी येणारच आहे. तेव्हा तिच्याजवळ बसून समजावून सांगेन. हे घरच्या माणसानेच सांगायला हवं.

तुम्ही दोघं तिथं गेलात याचा मला किती अभिमान वाटतो ते तुला माहीत नाही. गावची शाळा आणि तिथली बालवाडी पुन्हा सुरू झाली आहे. पुढच्या वर्षी मी तिथल्या नोकरीसाठी अर्ज करणार आहे. मग आपण तिघी एकाच रस्त्याने शाळेत जाऊ.

तुझी,
मिओ

●

तोचिदाइरा
८ जून २०१८

मिओ पोरी,

तुझी मैत्रीण म्हणजे सोनं आहे. शहरातली मुलगी, वाटलं होतं नाक मुरडेल. कोंब दिले तर दुसऱ्या दिवशी माझं भांडं घासूनपुसून परत, वर त्यात घरी केलेला केक. "काकू, फारच छान होते. कसे करायचे तेही शिकवा ना!" मी म्हटलं, अगं, एवढे आवडले तर आधी सांगायचं! लगेच डोंगरात गेले आणि पुन्हा एक भांडं भरून दिले. मग तिसऱ्यांदा दिले. तिने तिन्ही वेळा भांडं भरूनच परत केलं. रीत कुणी शिकवली तिला? तू तर नक्कीच नाही, तू माझी भांडी नेतेस आणि परत द्यायलाच विसरतेस.

नागी दुपारी माझ्याकडेच असते. आई फुलांच्या शेडमध्ये शुनपेईला मदत करते, तोवर आम्ही दोघी जेवतो आणि लोळतो. भातात मी थोडेसे कोंब चिरून घालते, चिमूटभरच, वासापुरते. आधी मी आईकडे बघितलं होतं. म्हटलं, आईला एवढं आवडतं, मागून मागून घेते, म्हणजे लेकीला चालत असणार. पोरगी वाटी चाटून पुसून खाते.

आणि आता ओरडू नकोस. मी तिला ती जागा दाखवली. माझे वडील वयाच्या साठीपर्यंत मला म्हणायचे, "तू बडबडी आहेस, तुला दाखवणार नाही." आणि मी चार वर्षांच्या पोरीला दाखवली! तिने झाडाला हात लावून विचारलं, "हे कुणाचं?" मी म्हटलं, आता तुझंही.

उरलेले कोंब मिठात घालून बरणी भरून ठेवली आहे. हिवाळाभर पुरतील.

तोवाआत्या

●

यामागाता
१७ जून २०१८

आत्या,

तुझं पत्र वाचून आनंद झाला. नागी तुला एवढी लागली आहे हे वाचून तर फारच.

एक सुचवू? तू पालक मोजून घेतलास तसे कोंबही एकदा हॉलमध्ये मोजून घे ना. डोंगर साफ झालेला नाही, आणि कोशिआबुरा मातीतलं सगळं शोषून घेतो असं मी वाचलं आहे. मोठ्यांचं ठीक आहे, पण नागी लहान आहे. काहो स्वभावाने भिडस्त आहे. ती स्वतः काही म्हणणार नाही. निकाल कळेपर्यंत नागीला नाही दिले तर बरं, एवढंच.

राग मानू नकोस. शिकलेली माणसं जास्त घाबरतात, असं समज.

मिओ

●

तोचिदाइरा
२५ जून २०१८

मिओ,

राग नाही, हसू आलं. हॉलमध्ये मोजायला कोण बसतं माहीत आहे? हाझावांचा नातू. त्याच्या आजोबाने माझ्या वडिलांची ती जागा शोधायला जन्म घालवला. वडील डोंगरात निघाले की हा सरपणाच्या निमित्ताने मागे. वडील मुद्दाम नदीकडे जायचे, तिथं बसून विडी ओढायचे आणि रिकाम्या हाताने घरी यायचे. पण त्याला जागा सांगितली नाही. आता मी त्याच्या नातवापुढे भाजी ठेवायची आणि त्याने विचारलं की, "कुठून तोडली, काकू?" तर सांगायचं? मोजायला दिलं की ते विचारतातच, त्यांना नकाशावर खूण करायची असते. वडील थडग्यातून उठून येतील.

मी दोनदा उकळून पाणी फेकते, मग मिठात घालते. मी स्वतः वर्षभर खाते आहे, आणि डॉक्टर म्हणतो गुडघे सोडले तर सगळं ठीक. पोरीला चिमूटभर देते, त्याची एवढी काळजी?

आणि काहो भिडस्त असली तरी आई आहे. नको असतं तर तिने सांगितलं नसतं का? आपल्या लेकराच्या तोंडात काय जातं ते आईला कळत नाही, असं तुला वाटतं? लग्न कर, मग शिकव मला.

ओबोनला ये. तुझ्या आवडीचं करून ठेवते.

तोवाआत्या

●

तोचिदाइरा
३० ऑगस्ट २०१८

मिओ,

तू ओबोनला आलीस. दोन दिवस काकूंकडे राहिलीस. जाताना माझ्या दाराशी येऊन म्हणालीस, "अजून योग्य वेळ मिळाली नाही, पत्रातून सांगते." मी तुला काय बोलणार, मलाही मे महिन्यापासून योग्य वेळ मिळालेली नाही.

गेल्या आठवड्यात बालवाडीतल्या मुलांची तपासणी झाली. यंत्रात उभं करून शरीरात काही गेलं आहे का बघतात. बाकी मुलांचं शून्य. नागीचा आकडा आला. डॉक्टर म्हणाले, फार थोडा आहे, धोका नाही, काही महिन्यांत निघून जाईल. फक्त घरात डोंगरातलं काही खाता का, ते बघा. मी म्हटलं, "आम्ही काहीच खात नाही." तेवढ्यात शेजारून नागी म्हणाली, "मी खाते. तोवाआजीकडे. खारट भाजी. बरणीतली."

मला वाटत होतं मी सगळं पुरून टाकलं. ती रोज दुपारी तिथं जेवते, आणि काकू काय वाढतात हे मी एकदाही विचारलं नाही. कारण विचारलं असतं तर का विचारते तेही सांगावं लागलं असतं.

घरी आल्यावर शुनपेईला सगळं सांगितलं. मोजल्याचं, पुरल्याचं, तुझ्या पत्राचं. तो काकूंवर चिडला नाही. माझ्यावर चिडला. म्हणाला, "तू त्यांना मे महिन्यात एक वाक्य सांगितलं असतंस, तर हे झालं नसतं. दोन बायकांनी शिष्टाचार पाळला आणि पोरीच्या पोटात गेलं." मी म्हटलं, तूच तर म्हणालास की दुखवायचं नाही. तो म्हणाला, "मला आकडा माहीत होता का?"

काल काकू टोमॅटो घेऊन आल्या. बहुधा अगदी चांगले असतील. पण मला खात्री नव्हती, आणि विचारायची सोयही मी ठेवलेली नाही. उन्हाळाभर "छान होतं" म्हटल्यावर आता कुठल्या तोंडाने विचारू? त्या गेल्यावर मी टोमॅटो हातात धरून रडले. इथं असं मला रोज जगता येणार नाही.

आम्ही पुढच्या महिन्याच्या शेवटी कोरियामाला जात आहोत. शुनपेईला तिथं काम मिळालं, असं काकूंना सांगणार आहोत. तूही तेच सांग.

काहो

●

तोचिदाइरा
२ ऑक्टोबर २०१८

मिओ पोरी,

ते गेले. शुनपेईला कोरियामात नोकरी मिळाली म्हणे. फुलं लावून सहा महिनेही झाले नाहीत, एवढ्यात कसली नोकरी! पण तरुण माणसाला स्थिर पगार हवा असतो, मी काय बोलणार?

काहो निरोप घ्यायला आली तेव्हा वर बघतच नव्हती. मी म्हटलं, अगं, रडतेस काय, कोरियामा काय चंद्रावर आहे का? मिठातल्या कोशिआबुराची ती बरणी होती ना, अख्खी तिलाच दिली. तिने ती छातीशी धरली आणि इतकी खाली वाकली की मला वाटलं आता उठतच नाही. किती माया त्या पोरीची!

नागीला मात्र गाडीत ओढून बसवावं लागलं. "मी तोवाआजीकडे जेवून येते" म्हणत होती. शुनपेई तिला म्हणाला, "गप." त्याने पोरीला असं तोडून बोललेलं मी कधी ऐकलं नव्हतं. जाण्याचं वाईट वाटत असेल त्यालाही.

मी विचारलं, वसंतात याल ना, फुलांच्या वेळी? काहो म्हणाली, "हो, नक्की." म्हणून त्यांचं परस झाडून ठेवते आहे. पडीक घर लगेच कळतं, रानडुकरं हिंमत करतात.

त्यांच्या घराच्या मागच्या बाजूला बांबूंजवळ माती जराशी उकरलेली दिसली. डुकरांनीच उकरली असणार. आत काही सडलेला पाला होता. नीट करून टाकलं.

तू तुझ्या अर्जाचं काय केलंस? बालवाडीत आता नागी नाही, पण अजून मुलं आहेत. ये.

तोवाआत्या

●

यामागाता
९ ऑक्टोबर २०१८

आत्या,

हे पत्र मी अनेकदा सुरू केलं आणि फाडलं. आता जसं होईल तसं लिहिते.

शुनपेईला आधी नोकरी मिळाली नाही. आधी त्यांनी जायचं ठरवलं, मग नोकरी शोधली. बांबूंजवळ डुकरांनी उकरलं असेल, पण तो पाला तू दिलेल्या कोंबांचा होता. काहोने पहिल्याच वेळी ते मोजून घेतले होते. मर्यादेच्या कितीतरी पट आकडा आला. तिने एकही कोंब खाल्ला नाही. मला विचारलं, काय करू? मी सांगितलं, आत्याला बोलू नकोस, घे आणि पुरून टाक. मला वाटलं, तुझं मन राखते आहे. तू नागीला ते वाढतेस हे जूनमध्ये कळल्यावरही मी काहोला कळवलं नाही.

ऑगस्टमध्ये नागीच्या तपासणीत आकडा आला. डॉक्टर म्हणाले, धोका नाही, निघून जाईल. पण त्यानंतर काहोला तिथं राहता येईना.

ओबोनला मी तुला सांगायलाच आले होते. तू ताट वाढलंस, वाटीत तीच भाजी होती आणि तू माझ्याकडे बघत बसलीस. मी खाल्ली. तू म्हणालीस, "आणखी?" मी वाटी पुढे केली. शिक्षण घेतलेली घरातली पहिली मुलगी मी. विज्ञान शिकवायची परीक्षा पास झाले. आणि तुझ्यासमोर मला एक "नको" म्हणता आलं नाही.

तुला जे म्हणायचं असेल ते म्हण. मी ऐकेन.

मिओ

●

तोचिदाइरा
२८ ऑक्टोबर २०१८

मिओ,

तुझं पत्र आल्यावर आधी मी तुला खूप शिव्या दिल्या. घरात दुसरं कुणी नसल्यामुळे भिंतींनीच ऐकल्या.

मग हॉलमध्ये गेले. बरणीत न मावलेली थोडी भाजी दुसऱ्या भांड्यात होती, ती हाझावांच्या पोरापुढे ठेवली. म्हटलं, मोज. त्याने विचारलं, "कुठून तोडली, काकू?" मी सांगितलं. झऱ्याच्या वर, फुटक्या खडकाच्या डाव्या हाताला. तिथं चार माणसं बसली होती, सगळ्यांनी ऐकलं. वाटलं होतं हसेल. नाही हसला. मान खाली घालून नकाशावर खूण केली. त्याने आकडा वाचला तो मी दोनदा वाचायला लावला.

आता माझं ऐक. काहोने मला मे महिन्यात सांगितलं असतं, "काकू, हे नको", तर मी रुसले असते. दोन दिवस, फार तर चार. मग मुळे घेऊन गेले असते. एवढीच माझी अब्रू होती, त्याहून मोठी नव्हती. तुम्ही दोघींनी ती केवढी मोठी धरलीत! मला काचेची बाहुली करून ठेवलंत आणि मी पोरीच्या ताटात वाढत राहिले. तिच्या आईकडे बघून वाढत होते गं मी. आई खाते म्हणून वाढत होते.

पण मीही कुणी शहाणी नाही. तू जूनमध्ये लिहिलं होतंस, मोज म्हणून. मला मेलेल्या बापाची जागा जिवंत पोरीपेक्षा मोठी वाटली. ते माझं मी बघेन.

तुझ्याशी बोलणं सोडलेलं नाही. पण काही दिवस पत्र लिहू नकोस. काहोचा कोरियामाचा पत्ता तेवढा पाठव. तुझं काही न लिहिता, फक्त पत्ता.

आत्या

●

तोचिदाइरा
१० नोव्हेंबर २०१८

काहो,

मिओने मला सगळं सांगितलं आहे. तिला त्यासाठी बोल लावू नकोस.

मी चांगलं पत्र लिहिणार नाही. मला राग आला आहे. आणि मला लाजही वाटते आहे, दोन्ही एकदम, त्यामुळे अक्षर वाकडं आहे. तुझी लेक माझ्या घरात जेवली आणि माझ्या हाताने तिच्या पोटात नको ते गेलं. याची क्षमा कशी मागतात ते मला माहीत नाही. मी वाकले तर तू वाकशील, मग मी पुन्हा वाकेन. ते आपलं झालेलं आहे एकदा.

मला दोन गोष्टी विचारायच्या आहेत.

नागी कशी आहे? डॉक्टर म्हणाले धोका नाही, असं मिओने लिहिलं. पण ते तिला तू सांगितलंस, आणि तुझ्या "छान आहे"वर विश्वास ठेवून मी एकदा फसले आहे. म्हणून खरं असेल ते लिही. चांगलं असेल तर चांगलं आणि वाईट असेल तर वाईट. मी ऐकू शकते. माझा नवरा गेला तेही मी ऐकलं, गाव सोडा म्हणाले तेही ऐकलं.

दुसरं. वसंतात येणार आहात का? तू "हो, नक्की" म्हणाली होतीस. मी परस झाडते आहे. येणार असाल तर झाडत राहीन. येणार नसाल तर तसं सांग. नगरपालिकेची माणसं विचारून गेली, या वर्षअखेरपर्यंत नाव दिलं तर ते पडीक घर सरकारी खर्चाने पाडून देतात. शुनपेईला विचारायचं धाडस त्यांना होत नाही, म्हणून मला विचारतात.

मला बरं वाटावं म्हणून काही लिहू नकोस.

तोवा

●

कोरियामा
१ डिसेंबर २०१८

तोवाकाकू,

तुम्ही सांगितलंत तसंच लिहिते.

नागीची काल पुन्हा तपासणी झाली. ऑगस्टमधल्या आकड्याच्या निम्म्याहून कमी झाला आहे, पण शून्य नाही. डॉक्टर म्हणतात, वसंतापर्यंत शून्य होईल. ती खेळते, खाते, भांडते. रात्री नीट झोपते. तिला काही त्रास नाही. मला मात्र ती शिंकली तरी भीती वाटते. हेही खरं आहे.

बरणी आम्ही इथं आणून कचऱ्यात टाकली. ती हातात घेतली तेव्हाच मला माहीत होतं की टाकणार आहे. तुम्हाला "हो, नक्की" म्हणाले तेव्हाही मला माहीत होतं.

आम्ही परत येणार नाही. शुनपेईने घर पाडायला नाव दिलं आहे. सही करून आला त्या दिवशी तो जेवला नाही. तुम्हाला सांगण्याचं त्याच्यात बळ नाही, म्हणून मी सांगते. तुम्ही आता परस झाडू नका.

तुम्हाला "नाही" म्हणण्याची ही माझी पहिलीच वेळ. मे महिन्यात म्हटलं असतं तर अर्ध्या मिनिटाचं काम होतं, आणि आज कदाचित मी तुमच्या स्वयंपाकघरात बसले असते. हे मला रोज वाटतं.

एकच गोष्ट आणखी, आणि ती तुम्हाला बरं वाटावं म्हणून नाही. दुपारी मी शेडमधून लवकर यायची. तुमच्या ओसरीवर तुम्ही आणि नागी एकमेकींकडे पाठ करून झोपलेल्या असायचात, दोघींची तोंडं उघडी. मी हाक मारत नसे. दाराशी उभी राहून बघत असे. मला त्या गावात म्हातारं व्हायचं होतं, काकू. हे अगदी खरं आहे.

पण तुम्ही ते खरं का मानावं, याला माझ्याकडे आता काहीच आधार उरलेला नाही.

काहो